झेप दिसते, थांबणे दिसत नाही

कबड्डीत चढाईपटूचा घोटा धरून त्याला जागीच रोखण्याचे, म्हणजे चवडा काढण्याचे कौशल्य प्रशिक्षकाने कितीही समजावून सांगितले तरी त्याने येत नाही. दुसऱ्याचे पाहून आणि स्वतः करून करूनच ते अंगात मुरते. आमच्या भागातील मुलांचा सराव पाहताना मात्र जाणवते की, नक्कल आधी डोळ्यांत भरणाऱ्या गोष्टींची होते. इराणचा बचावपटू फजल अत्राचली याची झेप मुलांनी चटकन उचलली (पकडीनंतर मांडी थोपटणे तर त्याहूनही आधी!), पण झेपेपूर्वीचा संयम काही केल्या येईना. कोपऱ्यातील बचावपटूची नजर चढाईपटूच्या हातांवर नव्हे, तर पायांवर हवी. पुढच्या पायावर पुरता भार आला की तो पाय झटकन मागे घेता येत नाही, आणि चवडा काढायचा तो नेमका त्याच वेळी. त्याच्या आधीच झेप घेतली, तर हाती माती येते आणि वर गुण जातो.

सगळे खेळाडू एकाच मातीत तयार झालेले असतील, तर सरावात समोर येणारा चढाईपटू आपल्याच ओळखीचा खेळ करतो आणि उचलण्याजोगे फारसे काही उरत नाही. हरियाणाचा चढाईपटू परदीप नरवाल बचावपटूंच्या साखळीच्या हातांखालून डुबकी मारून मध्यरेषा गाठायचा, तेव्हा साखळी केव्हा आणि किती खाली आणायची, हे त्याच्याबरोबर रोज सराव करणाऱ्याला जितके कळले असेल, तितके दूरचित्रवाणीवर पाहणाऱ्याला कळले नसेल.

२०१४ मध्ये सुरू झालेल्या प्रो कबड्डी लीगने एकत्र सरावाची ही सोय इराणी खेळाडूंनाही करून दिली. २०१८ च्या जकार्ता आशियाई स्पर्धेत इराणने उपांत्य फेरीत भारताला २७-१८ असे हरवले आणि पुढे सुवर्णपदकही जिंकले, तेव्हा ‘आपणच शिकवले आणि आपल्यावरच उलटले’ अशी कुरकुर बरीच झाली. मला ती पटली नाही, कारण ही देवघेव एकतर्फी कधीच नव्हती. कुस्तीची जुनी परंपरा असलेल्या त्या देशातील खेळाडूंच्या पकडी आपल्या मुलांनीही याच काळात मनसोक्त उचलल्या. मार्च २०२४ मध्ये पुणेरी पलटणने या लीगमध्ये आपले पहिले विजेतेपद मिळवले, तेव्हा कर्णधार अहमदनगर जिल्ह्यातील अस्लम इनामदार होता आणि डावा कोपरा इराणच्या मोहम्मदरेझा शादलूकडे होता. गावोगावच्या स्पर्धांत ‘फक्त स्थानिक खेळाडू’ हा नियम आग्रहाने लावणाऱ्या मंडळींनी त्या संघाची यादी एकदा जरूर वाचावी.