टमाटर लॉग, वर्ष तिसरं: फुलं का गळून राहिली ते सापडलं

मंडळी, लय दिवसांनी लिहून राहिलो. यंदा १४ कुंड्या, त्यातल्या ९ टमाटरच्या. गच्ची तीच, स्लॅब तोच आणि मार्च लागला तसा तमाशाही तोच, फुलं झुबक्यानं येतात अन् चार दिवसात खाली. जवळून पाहा कधी, फुलाच्या देठाला मधेच एक गाठ असते, ती आधी पिवळी पडते, मग नुसती वाऱ्याची झुळूक आली तरी बरोबर तिथूनच तुटते आणि देठाचा थुटका झाडावर राहून जाते. सकाळी झाडायला गेलो की सुपलीभर पिवळी फुलं. जीव जळते बाप्पा.

दोन वर्ष मी दुपारच्या उन्हाले शिव्या देत होतो. ५० टक्के ऊन अडवणारी हिरवी नेट बांधली, दोन टाइम पाणी दिलं, बोरॉनचं खत फवारलं, फरक शून्य. यंदा एक मिनिमम-मॅक्सिमम थर्मामीटर कुंड्यांच्या उंचीवर टांगला आणि डिसेंबरपासून रोज वहीत आकडे टाकले. फेब्रुवारीत दुपारी ३२-३३ जायचं पण पहाटे १६ पर्यंत उतरायचं, तेव्हा फळं धरली. मार्चमधे दुपार तीन-चार अंशच वाढली, पण पहाटे पारा २२-२३ च्या खाली यायचं नाव नाही, कारण दिवसभर तापलेला स्लॅब रात्रभर वाफारा सोडत बसते. गळ नेमकी त्याच आठवड्यात सुरू.

मग वाचत गेलो तर हे काही नवं नाहीच. टमाटरची रात्र साधारण २१ च्या वर गेली की पराग नीट बनत नाही, फूल येते पण फळ धरत नाही. शिवाय पानानं दिवसा केलेली साखर झाड रात्री श्वसनात जाळते, आणि तापमान १० अंश वाढलं की हे श्वसन जवळपास दुप्पट. म्हणजे दिवसभर कमावलं ते रात्री कूलरच्या बिलात गेलं.

आपण नागपूरकर क्लायमेट चेंज म्हटलं की २३ मे २०१३ चे ४७.९ अंश सांगतो, छाती फुगवून. पण गेल्या ७०-७५ वर्षात जगात बहुतेक जमिनीवर दिवसांपेक्षा रात्री जास्त वेगानं तापल्या, आणि हे कोणाच्या गप्पात येत नाही कारण रात्री आपण कूलरसमोर. धानाचं तर मोजून झालंय. फिलिपाइन्समधल्या आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेच्या शेतात १९७९ ते २००३ च्या तापमानाच्या नोंदी पिकाशी ताडून पाहिल्या, तिथं कोरड्या हंगामातलं रात्रीचं तापमान १ अंश वाढलं की उत्पन्न १० टक्के कमी. २००४ चा पेपर आहे. आपल्या भंडारा-गोंदियाचा धान आठवला आणि पोटात गोळा आला.

बाकी गच्चीचं थोडक्यात. सांबार (म्हणजे कोथिंबीर) फेब्रुवारीतच फुलावर गेला, पानं कमी अन् तुरे जास्त, उपटून टाकला. कुंडीतल्या संत्र्याला डिसेंबरात ताण दिला होता, म्हणजे पाणी तोडलं होतं, पण थंडी अर्धवट पडली तर आंबिया बहारही (थंडीनंतरचा फुलोरा) अर्धवटच फुटला, एका फांदीवर कळ्या आणि बाजूची ढिम्म.

टमाटरसाठी तीन गोष्टी केल्या. कुंड्या स्लॅबवरून उचलून फळ्यांवर ठेवल्या, नेट संध्याकाळी गुंडाळून ठेवतो (नाहीतर गरमी आतच कोंडते, हे मला दोन वर्ष सुचलं नाही, धन्य आहे), आणि दिवस मावळला की स्लॅबवर दोन बादल्या पाणी. त्यानं पहाटेचा आकडा दीड अंश उतरला. घरचे म्हणतात आता झाडांसाठी कूलर लाव, टोमणाच आहे तो, पण मी विचार करून राहिलो होतो हे त्यांना सांगू नका.

खरा उपाय मला तारखेचाच वाटते. नोव्हेंबरात रोप लावायची सवय सोडून पुढच्या खेपेला ऑगस्टअखेर बी टाकतो, म्हणजे फळधारणा डिसेंबर-जानेवारीत उरकेल.

काल मोजली, ९ कुंड्यात ३१ फळं, त्यातली २४ एकट्या चेरीच्या दोन झाडांवर. देशीचं शेवटचं एक लाल होत होतं, ते बुलबुलनं टोचलं. कोणी स्लॅबला चुना मारला असेल तर पहाटेचा आकडा टाका बरं, दुपारचा नको.