मार्सेल दालिओ नोंदवही : १९३७ ते १९४४

मार्सेल दालिओ या फ्रेंच चरित्र अभिनेत्याचे चित्रपट कालक्रमाने पाहून प्रत्येक भूमिकेची नोंद ठेवण्याचे जे काम मी हाती घेतले आहे, त्यातला १९४४ पर्यंतचा टप्पा या महिन्यात पूर्ण झाला. पद्धत पूर्वीचीच ठेवली आहे. दालिओचा प्रत्येक प्रसंग एकदा आवाज बंद करून आणि एकदा आवाजासह पाहायचा, आणि दोन्ही वेळी जे दिसले ते वेगवेगळे लिहून ठेवायचे.

पॅरिसमध्ये ज्यू कुटुंबात जन्मलेल्या दालिओचे मूळ नाव इझ्राएल मोशे ब्लाउशिल्ड. 'पेपे ल मोको'मधल्या (१९३७) खबऱ्याच्या भूमिकेवर मी फार वेळ थांबलो नाही. दिग्दर्शक ज्याँ रेन्वारच्या 'ला ग्रांद इल्युझियों'मधला (१९३७) रोझेंथाल मात्र मी चार वेळा पाहिला. युद्धकैद्यांच्या छावणीत घरून आलेल्या डब्यांवर सोबत्यांना जेवू घालणारा हा श्रीमंत ज्यू पुढे अभिनेता ज्याँ गाबँच्या पात्राबरोबर पळून जातो, तेव्हा त्याच्याजवळ वाटून घ्यायला साखरेचे मोजके खडेच उरलेले असतात. दोन्हीकडे तो यजमानच आहे, हे मला चौथ्या वेळी लक्षात आले, आणि त्यानंतर सगळी नोंदवही मी याच दृष्टीने पुन्हा वाचून काढली.

'ला रेग्ल द्यु जू'मध्ये (१९३९) तो मार्क्विस द ला शेने आहे, म्हणजे वाड्यावर पाहुण्यांना बोलावणारा अक्षरशः यजमान. या मार्क्विसच्या आईचे वडील रोझेंथाल नावाचे होते आणि फ्रँकफर्टहून आले होते, असे नोकरांच्या जेवणाच्या वेळी कुणीतरी कुजबुजते, आणि आधीच्या चित्रपटातले ते आडनाव कानावर पडताच यजमानाचे आसन किती डळमळीत आहे ते कळते. मार्क्विसला यांत्रिक वाद्यांचा छंद आहे. आपल्या संग्रहातले सर्वांत मोठे वाद्य तो पाहुण्यांपुढे उघडतो, तेव्हा कॅमेरा वाद्यावरच्या रंगीत बाहुल्यांवरून सरकत त्याच्या चेहऱ्यावर येतो. हे आपल्या कारकिर्दीतले सर्वोत्तम दृश्य असावे, असे रेन्वारने पुढे म्हटले होते. माझ्या पहिल्या नोंदीत तिथे 'अभिमान' एवढाच शब्द होता, तो मी आता खोडला आहे, कारण आवाज बंद केल्यावर त्या चेहऱ्यावर अभिमानाइतकाच संकोचही दिसतो, आणि पाहुण्यांना आपली वस्तू आवडली की नाही याची एखाद्या मुलासारखी धास्तीही दिसते.

जून १९४०मध्ये जर्मन सैन्य पॅरिसजवळ आले, तेव्हा दालिओ आणि त्याची पत्नी, अभिनेत्री मादलेन लबो, यांनी शहर सोडले. लिस्बनहून निघालेल्या या दोघांचे चिलीचे व्हिसा मेक्सिकोत बनावट ठरले, आणि अखेर कॅनडाच्या तात्पुरत्या पासपोर्टवर ते अमेरिकेत पोहोचले. इकडे व्यापलेल्या पॅरिसमध्ये नाझींनी 'ज्यू कसा ओळखावा' हे दाखवण्यासाठी त्याच्याच चेहऱ्याची भित्तिपत्रके लावली. त्याचे आईवडील छळछावणीत मरण पावले.

हे वाचल्यानंतर 'कॅसाब्लांका' (१९४२) पुन्हा पाहणे जड गेले. श्रेयनामावलीत त्याचे नावही नाही. लबो त्यात इव्हॉन आहे आणि दालिओ रूलेटच्या टेबलावरचा एमिल. अड्ड्याचा मालक रिक एका तरुण निर्वासिताला बावीस आकड्यावर पैसे लावायला सांगतो आणि एमिलकडे केवळ पाहतो. चेंडू दोनदा बावीसवर थांबतो, आणि हे एमिल रिकच्या त्या नजरेवरूनच घडवून आणतो. तीन वर्षांपूर्वी वाड्याचा धनी असलेला नट इथे दुसऱ्याच्या अड्ड्यावर दुसऱ्याच्या पैशांचा हिशेब ठेवतो. दालिओची अमेरिकेतली वर्षे वाया गेली, असे मीही पूर्वी मानत होतो. आता तसे लिहिणार नाही, कारण इतक्या थोड्या अवकाशात इतके नेमके काम त्याने पॅरिसमध्येही क्वचितच केले असेल.

'टू हॅव अँड हॅव नॉट'मध्ये (१९४४) तो कॅरिबियनमधल्या मार्टिनिक या फ्रेंच बेटावरच्या हॉटेलचा मालक, फ्रेंची, झाला आहे. यजमानपद परत मिळाले आहे, पण आता त्याचे पाहुणे लपवून ठेवावे लागणारे, फ्रेंच प्रतिकार चळवळीतले लोक आहेत. या भूमिकेच्या नोंदी अजून अपुऱ्या आहेत, विशेषतः मूक पाहणीच्या.

युद्धानंतर तो फ्रान्सला परतला, तिथून पुढचा टप्पा सुरू होईल. त्यातला 'रब्बी जाकोब' (१९७३) मी मुद्दाम राखून ठेवला आहे. त्यात न्यूयॉर्कहून पॅरिसला येणाऱ्या खऱ्या रब्बीची, म्हणजे ज्यू धर्मगुरूची, भूमिका दालिओची आहे.