उजवा हात प्रकाशाचा, डावा आवाजाचा

माझ्या प्रयोगात पडद्यावर जे दिसते तेच ऐकू येते. १६ मिलिमीटरच्या पारदर्शक फिल्मवर मी शाईने आडव्या रेघा ओढते आणि त्या चित्राच्या जागेत न थांबवता कडेच्या ध्वनिपट्टीपर्यंत नेते. प्रोजेक्टरमधला एक छोटा दिवा त्या पट्टीतून प्रकाश सोडतो, पलीकडचा फोटोसेल त्या उजेड-अंधाराचे विजेत रूपांतर करतो आणि स्पीकर घुमू लागतो. एका फ्रेममध्ये समान अंतरावर १० रेघा असल्या, तर सेकंदाला २४ फ्रेमच्या गतीने २४० हर्ट्झचा स्वर मिळतो. गती १८ वर आणली की तो १८० हर्ट्झचा होतो, म्हणजे शुद्ध मध्यमावरून षड्जावर उतरतो. ब्रिटिश चित्रपटकार लिस ऱ्होड्स यांनी १९७५ मध्ये ‘लाइट म्युझिक’ या कलाकृतीत समोरासमोर ठेवलेल्या दोन प्रोजेक्टरांच्या मधली जागा प्रेक्षकांना मोकळी करून दिली होती. माझे काम त्याच वाटेवरचे आहे; मात्र माझ्या प्रयोगात झोतात मी स्वतः उभी राहते आणि हातांच्या सावलीने रेघा अडवते.

त्या दुपारी रंगीत तालमीला काही कर्णबधिर प्रेक्षक आले होते. त्यांना स्पीकरच्या लाकडी पेटीवर तळहात टेकून बसता येईल अशी व्यवस्था आम्ही केली होती. त्वचेला साधारण २५० हर्ट्झच्या आसपासचे कंपन सर्वांत तीव्रपणे जाणवते, त्यामुळे माझा मुख्य स्वर त्यांच्या हातांपर्यंत पोहोचेल याची मला खात्री होती. तालीम संपल्यावर त्यांच्यातल्या एका बाईंनी सांकेतिक भाषेच्या दुभाष्यामार्फत मला विचारले, “उजेड आधी येतो आणि पेटी नंतर थरथरते. तुमचा हात मात्र पेटीबरोबर उठतो, उजेडाबरोबर नाही. असे का?”

हा प्रश्न मला तोवर कोणी विचारला नव्हता. अंतराचे कारण यंत्राच्या रचनेत आहे. गेटमध्ये, म्हणजे जिथे चित्रातून पडद्याकडे प्रकाश जातो त्या खिडकीत, फिल्म अखंड सरकत नाही. नखी तिला एकेक फ्रेम खाली ओढते, क्षणभर थांबवते आणि पुन्हा ओढते. आवाज वाचायचा तर फिल्म एकसारख्या वेगाने जायला हवी, म्हणून ते काम गेटपासून २६ फ्रेम पुढे, एका फिरत्या ड्रमवर होते. ही लांबी जवळजवळ २० सेंटीमीटर भरते आणि ती कापायला एका सेकंदाहून किंचित जास्त वेळ लागतो. १६ मिलिमीटरच्या नेहमीच्या चित्रपटात आवाज चित्राच्या २६ फ्रेम पुढे छापलेला असतो, त्यामुळे पडद्यावर दोन्ही जुळतात. माझी रेघ मात्र एकच आणि सलग असल्यामुळे ती आधी दिसते आणि मग ऐकू येते. रेघांचे पट्टे लांब असले की ऐकणाऱ्याला हे अंतर सहसा जाणवत नाही. त्या बाईंनी ते डोळ्यांनी आणि तळहाताने अचूक पकडले होते, आणि माझे शरीर कानाच्या आज्ञेत आहे हेही त्यांना दिसले होते.

सहकाऱ्याने सुचवले की ध्वनिपट्टी २६ फ्रेम पुढे सरकवून नवी फिल्म काढावी. ते करता आले असते, पण मला ते पटले नाही. यंत्राने जे अंतर काळाच्या रूपात समोर ठेवले होते, ते पुसून टाकले असते तर जुन्या यंत्रावर काम करण्याला माझ्या दृष्टीने अर्थच उरला नसता. त्याऐवजी मी हालचाली बदलल्या. उजवा हात प्रकाशाबरोबर उठेल आणि तीच हालचाल डावा हात आवाजाबरोबर करील, असे ठरवून मी पुन्हा झोतात उभी राहिले. त्या बाई पेटीवर हात ठेवून समोर बसल्या आणि डावा हात लवकर उठला की बोट वर करून मला थांबवू लागल्या. इतका नेमका दिग्दर्शक मला क्वचितच लाभला आहे. कान सोडून पापण्यांवर पडणाऱ्या प्रकाशाकडे लक्ष द्यायचे, हे शिकण्यात उरलेली दुपार गेली.

संध्याकाळचा प्रयोग याच मांडणीत झाला आणि तेव्हापासून ती कायम आहे. शेवटच्या भागात गती १८ वर येते तेव्हा अंतर जवळजवळ दीड सेकंदाचे होते. उजवा हात खाली आल्यावर तेवढा वेळ डावा स्थिर ठेवणे मला आजही सर्वांत अवघड जाते.