दिव्यापुढे उभा राहणारा माणूस

दिवाळी सरली की झाडीपट्टीत, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भात, मंडई (गावोगावच्या जत्रा) आणि नाटकांचा हंगाम सुरू होतो, आणि गावाकडून फोन वाढतात. यंदा मामाजींनी विचारलं, "तू कॅमेरा चालवत नाहीस, लाइटला हात लावत नाहीस, मंग तुझं काम तरी काय गा?"

मी व्हँकुव्हरला सिनेमाच्या सेटवर ग्रिप आहे. इकडे दिवा आणि त्याची वायर इलेक्ट्रिकवाल्यांची. दिव्यातून उजेड बाहेर पडला की पुढचं आमचं. तो कुठे अडवायचा, कुठे गाळायचा, चेहऱ्यावर किती मऊ पडू द्यायचा, हे आम्ही काळ्या फ्लॅगनं (चौकटीवर ताणलेल्या काळ्या कापडानं), जाळीनं आणि पांढऱ्या सिल्कनं साधतो. कॅमेऱ्याची डॉली, म्हणजे तो सरकवायची चाकांची गाडी, आणि तिचे रूळही आमच्याकडे. (ब्रिटनमध्ये ग्रिप फक्त कॅमेऱ्याची हालचाल सांभाळतो, सावलीचं काम इलेक्ट्रिशियन करतात.)

सगळ्यात अवघड काम उन्हाचं. दोन-तीन मिनिटांच्या प्रसंगाला अख्खा दिवस लागतो आणि सूर्य तर सरकतच असतो. म्हणून २० बाय २० फुटांच्या चौकटीवर सिल्क ताणून कलाकारांच्या डोक्यावर धरतो. ४०० चौरस फूट कापड! त्यात वारा भरला तर चौकट माणसांसकट ओढत नेईल. चारही कोपऱ्यांना दोर, दोर जड वजनांना बांधलेले, शिवाय दोरापाशी माणसं. आमच्या प्रमुखानं, म्हणजे की ग्रिपनं, "खाली घ्या" म्हटलं की चौकट खाली येते, शॉट कितीही रंगलेला असो. या शब्दाला इथे जो मान आहे, तो मला या कामातला सगळ्यात मोलाचा भाग वाटतो.

बाकी शिस्त बारीकसारीक असते. फ्लॅग धरणाऱ्या सी-स्टँडला कमी-जास्त उंचीचे तीन पाय असतात. स्टँडचा वजन पेलणारा आडवा दांडा, म्हणजे हात, सर्वांत उंच पायाच्या दिशेला काढायचा आणि वाळूची पिशवी त्याच पायावर टाकायची. हात आवळायची फिरकी उजवीकडे ठेवायचा, म्हणजे वजनानं तो सैल न होता आवळत जातो. नव्या माणसाला हे पहिल्यांदा शिकवतात, कारण खालून लोक चालत असतात.

आमची संघटना आयएटीएसई. अमेरिकेत १८९३ साली ती स्थापन केली नाटकाच्या रंगमंचावर राबणाऱ्या कामगारांनी. सिनेमा नंतर आला. हे वाचलं आणि आमच्या झाडीपट्टीतल्या वडसा गावच्या नाटक कंपन्या डोळ्यांपुढे आल्या. रात्रभर नाटक, उजाडलं की सगळं उतरवून गाडीत, आणि संध्याकाळी दुसऱ्या गावच्या बांधीत (धानाच्या शेतात) पुन्हा मंच उभा. बल्ल्या (लाकडी खांब) रोवणाऱ्या, पडदे ताणणाऱ्या त्या पोरांना दोर, वजन आणि वारा कळतो. मी इथे ज्या कामावर संसार चालवतो, त्याचं मूळ ज्ञान त्यांच्या हातात आहे, आणि नाटकाच्या पत्रकावर मात्र त्यांचं नाव मी कधी पाहिलेलं नाही. इथे सिनेमा संपताना पडद्यावर ग्रिपचंही नाव येतं.

तर मामाजी, गावच्या मंडळाला माझी विनंती सांगा. या हंगामाच्या पत्रकावर नट-नट्यांच्या खाली मंच उभारणाऱ्या प्रत्येक पोराचं नाव छापा. कागद मोठा लागला तर वाढीव खर्च मी पाठवतो. आणि वारा सुटल्यावर त्यांच्यातला कोणी "थांबा" म्हणाला, तर नाटक थांबवा.