आधीचा झिटे, नंतरचा झिटे

पूर्व जर्मनीतला चित्रकार विली झिटे याच्या जन्मशताब्दीचं प्रदर्शन २०२१च्या ऑक्टोबरात जर्मनीतल्या हाले शहराच्या मोरिट्सबर्ग संग्रहालयात उघडलं. तिथे प्रेक्षकांना चित्रं समजावून सांगायचं काम माझ्याकडे होतं. मी जे.जे.त शिकलेली, पूर्व जर्मनी मला ठाऊक होता तो पुस्तकांतून. त्यामुळे बोलणं नीट आखून ठेवलं होतं. आधीचा झिटे चित्रकार, नंतरचा पुढारी. पिकासो आणि लेजे या आधुनिक चित्रकारांच्या वळणाने जातो म्हणून तिथल्या सत्ताधारी कम्युनिस्ट पक्षाने त्याच्यावर 'फॉर्मॅलिझम'चा, म्हणजे आशयापेक्षा रूपाला महत्त्व दिल्याचा, ठपका ठेवला, १९६३ साली पक्षाच्या मुखपत्रात त्याने आपली चूक जाहीर कबूल केली. पुढे १९७४ ते १९८८ तो कलाकार संघाचा अध्यक्ष, १९७६पासून संसदेत, १९८६पासून पक्षाच्या केंद्रीय समितीत. म्हणजे रेघ १९६३वर.

डिसेंबरात एक जोडपं आलं, दोघंही ऐंशीच्या घरातली. रासायनिक कारखान्यातला कामगार नियंत्रण-फलकापुढे बसलेला आहे, त्या १९६८च्या चित्रापाशी आजोबा थांबले ते हलेचनात.

"मी लॉयनाच्या कारखान्यात होतो," ते म्हणाले. "रात्रपाळीला माणूस असाच दिसतो. हे चित्र तुमच्या रेघेच्या अलीकडचं की पलीकडचं?"

पलीकडचं, असं म्हणायला तोंड उघडलं आणि शब्द फुटेना. समोरच्या रंगात मला पुढारी कुठेच दिसत नव्हता.

आजी स्वतः चित्रकार. त्या काळी संघाचं सदस्यत्व नसेल तर स्वतंत्र चित्रकार म्हणून पोट भरणं जवळजवळ अशक्य होतं. त्या म्हणाल्या, "कुणी चित्रकार म्हणून जगायचं, हे जिथे ठरतं त्या खुर्चीत चित्रकाराने बसू नये."

"तो नसता तर चित्रातलं काही न कळणारा बसला असता."

"त्याच्यावर रागावणं सोपं गेलं असतं."

हा वाद त्यांच्या घरात कितीदा झाला असेल कोण जाणे. आवाज मात्र दोघांचेही चढले नाहीत. माझं मत आजींच्या बाजूचं आहे, आजही. पण चित्र चांगलंच आहे, आणि ते चांगलं असल्यानेच आजींचं दुखणं मला कळलं.

मास्कवरून फक्त डोळे दिसत होते. निघताना आजी पुन्हा मागे वळल्या, चित्राच्या अगदी जवळ गेल्या आणि बराच वेळ रंगाचा थर पाहत राहिल्या. आजोबा त्यांचा कोट हातात धरून दाराशी उभे होते.

दुसऱ्या दिवशीच्या गटाला मी १९६३ सांगितलं, १९७४ही सांगितलं. आधीचा आणि नंतरचा हे शब्द वापरले नाहीत.