दुसरी गाडी

कर्णबधिर मुलांना शिकवून मला एकवीस वर्षं झाली. शनिवारी त्यांना सिनेमा दाखवायचा म्हटलं की खालच्या ओळी वाचण्यातच त्यांचा सगळा वेळ जातो, चेहरे बघायचे राहतात. म्हणून परवा बस्टर कीटन या अमेरिकी विनोदी नटाचा 'वन वीक' लावला. १९२०चा मूकपट, जेमतेम वीसेक मिनिटांचा.

त्यातल्या इंग्रजी पाट्यांचं मराठी मी आदल्या रात्री कार्डांवर लिहून काढलं होतं. त्या कार्डांकडे कुणी बघितलंच नाही. लग्नात आहेर मिळतो तो खोक्यांत भरलेल्या घराचा. आकडे बघून आपणच जोडायचं. नवरीनं नाकारलेला एक जण ते आकडेच बदलून ठेवतो आणि घर वेडंवाकडं उभं राहतं. कीटनच्या चेहऱ्यावरची रेष हलत नाही, पण मान, खांदे, पाय सगळे बोलतात. आमची मुलं घरीदारी दिवसभर हेच तर वाचत असतात!

एवढ्या गोंधळात ती नवरी, म्हणजे सिबिल सीली, घराच्या भिंतीवर ब्रशनं दोन बदाम काढते आणि त्यांतून आरपार बाण. सातवीतल्या मुली एकमेकींना कोपरं मारत अशा काही लाजल्या! मला तर सगळ्या सिनेमात तेवढी जागा फार आवडते. घर कसंही असो, ते आपलं आहे.

शेवटी घर दुसऱ्या जागेवर ओढून नेताना नेमकं रुळांवर अडकतं. समोरून गाडी येते आणि शेजारच्या रुळावरून निघून जाते. वाचलं! मुलांनी बाकं बडवली. मागच्या बाकावरचा एक जण मात्र उभा राहिला होता, तळहात पुढे धरून. थांबा. आणि उलट दिशेनं दुसरी गाडी आली, घराच्या चिंधड्या उडाल्या.

'विकणे आहे'ची पाटी लावून दोघं हातात हात घालून निघून जाईपर्यंत तो खाली बसला नाही.

"तू आधी पाहिलायस का?" मी खुणेनं विचारलं. नाही म्हणाला. त्याचं घर रुळाला लागून आहे. गाडीचा आवाज त्याला येत नाही, म्हणून आईनं लहानपणापासून शिकवलंय: एक गाडी गेली तरी हलायचं नाही, दोन्हीकडे बघायचं.

मग पडद्याकडे बोट करून त्यानं मला विचारलं, या दोघांना कुणी सांगितलं नव्हतं का?