बिनकातडीचे विंग्ज आणि सरत्या मोसमातला हापूस

मे महिन्याच्या अखेरच्या शनिवारची ऑर्डर होती. डोंबिवलीत मी घरगुती पार्ट्यांचं जेवण करून देते. या घरातल्या काका-काकूंच्या लग्नाला ३५ वर्षं झाली होती, म्हणून गच्चीवर साठ माणसं बोलावलेली. मटण, वडे, भात, सोलकढी हे काकूंनी पाच मिनिटांत ठरवलं. स्टार्टर मात्र त्यांच्या मुलाने स्वतःकडे घेतलं. तो न्यूयॉर्क राज्यातल्या बफेलो शहरात शिकला आणि तिथेच नोकरीला लागला. त्या गावाचं नाव जगभर झालं ते विंग्जमुळे. १९६४ साली तिथल्या अँकर बारमध्ये टेरेसा बेलिसिमो या बाईंनी, एरवी सूपच्या पातेल्यात जाणारे कोंबडीचे पंख तळले आणि तिखट सॉस-लोण्यात घोळवून वाढले, असं तिथे सांगतात. हा मुलगा मला म्हणाला, "ताई, विंग्ज तिथल्यासारखे कुरकुरीत हवेत, पण वरचा सॉस आपल्या फळांचा. एक हापूसचा, एक कोकमाचा."

मला ऑर्डर मनापासून आवडली. आपल्याकडे विंग म्हटलं की लालभडक लॉलीपॉप, आणि फळाचा सॉस म्हटलं की गोडमिट्ट चिकट काहीतरी. हापूस आणि कोकम दोन्हींना स्वतःचा आंबटपणा आहे, वास आहे, आणि तुपकट मांसावर आंबट हवंच असतं. मालवणी घरात वाढलेल्या बाईला हे शिकवावं लागत नाही.

बेत असा केला होता. कातडीसकट विंग्ज शुक्रवारी आणायचे, सांध्यावर दोन तुकडे करायचे, किलोला दोन चमचे बेकिंग पावडर आणि मीठ चोळायचं आणि रात्रभर फ्रीजमध्ये जाळीवर उघडे ठेवायचे. बेकिंग पावडरने कातडीचा आम्लपणा कमी होतो, त्यामुळे ती लवकर तांबूस होते. फ्रीजच्या कोरड्या हवेने वरचं पाणी उडतं. मग ओव्हनमध्ये आधी मंद, नंतर २२० अंशांवर. चरबी वितळून निघून जाते आणि कातडी पापडासारखी होते. तेल नाही, तळण नाही. या सगळ्याचा पाया एकच, कातडी.

आणि शुक्रवारी दुपारी दुकानातून बारा किलोची पिशवी आली ती सोललेल्या विंग्जची. गुलाबी, ओले, नुसतं मांस आणि हाड, टोकंही छाटलेली.

माणूस खोटं बोलला असं मी म्हणणार नाही. मी "विथ स्किन" सांगितलं होतं, त्याने हो म्हटलं होतं, आणि कापणाऱ्या पोराने रोजच्या हाताने रोजचं काम केलं. आपल्याकडच्या बहुतेक चिकनच्या दुकानांत कोंबडीची पिसं काढतच नाहीत; कातडी ओढली की पिसं तिच्याबरोबर निघून येतात. मिनिटभराचं काम. कातडी ठेवायची तर कोंबडी गरम पाण्यात बुडवा, पिसं उपटा किंवा यंत्रात घाला, बारीक लव जाळा, एवढा व्याप. गिऱ्हाईकही सोललेलंच मागतं, त्यामुळे कुणी या भानगडीत पडत नाही.

बदलून मागायचा प्रश्नच नव्हता. एका कोंबडीला पंख दोनच. बारा किलो म्हणजे जवळजवळ सत्तर कोंबड्यांचे पंख, तेही कातडीचे, संध्याकाळपर्यंत कुठून गोळा करणार? दुकानदाराने गावरान सुचवली, ती सोलत नाहीत म्हणून. पण गावरान कोंबडीचा पंख म्हणजे हाड आणि शीर. तासभर रश्शात शिजला तर त्याची मजा, पार्टीत हाताने तोडून खायला तो उपयोगाचा नाही.

मुलाला फोन केला. तो गप्प झाला, मग म्हणाला, "मग कॅन्सल करू या का?" मी म्हटलं, कॅन्सल कशाला, रीत बदलू या. विंग्जना कातडी नाही तर आपण त्यांना कातडी घालू.

इथे मला आमच्या स्टेशनबाहेरच्या चायनीजच्या गाड्या आठवल्या. लोक त्यांना नावं ठेवतात, पण बिनकातडीच्या पंखाला कुरकुरीत कसं करायचं हे त्या मंडळींइतकं कुणाला कळत नाही. वर्षानुवर्षं त्यांच्याकडे हेच सोललेले पंख येतात. रंग सोडून बाकी सगळं मी त्यांचंच घेतलं: आलं-लसूण, मिरपूड, मीठ, अंड्याचा पांढरा आणि कॉर्नफ्लॉवर. माझी भर म्हणजे तांदळाचं पीठ, कॉर्नफ्लॉवरच्या अर्ध्याहून थोडं कमी. त्याने आवरण कडक राहतं आणि सॉस पडल्यावर लगेच ढेपाळत नाही. माझ्या मदतीला येणाऱ्या मावशी सवयीने चिमूटभर सोडा घालायला निघाल्या, तेव्हा त्यांचा हात धरावा लागला. कोकमाचा लाल रंग आम्लात खुलतो. सोडा लागला की तो जांभळट-काळपट होतो, आणि काळ्या सॉसचे विंग्ज कुणी उचलत नाही.

तळायचं दोनदा. पहिल्यांदा मध्यम तेलात, १६० अंशांच्या आसपास, मांस हाडापर्यंत शिजेस्तोवर. सळईचा थर्मामीटर हाडाशेजारी घालून मी ७४ अंश बघतेच. पंखाच्या बाबतीत त्याहून वर, ८० पार गेलं तरी चालतं, उलट सांध्याजवळच्या शिरा मऊ होतात. मग जाळीवर पसरून थंड करायचे. या वेळात आतला ओलावा बाहेरच्या आवरणात येतो. दुसऱ्यांदा कडक तेलात, १९० अंशांवर, दोन-तीन मिनिटं, की तो ओलावाही उडून जातो. पहिलं तळण माझ्या घरी शनिवारी दुपारी, दुसरं गच्चीवर, पाहुण्यांसमोर.

शनिवारी सकाळी आंबे कापायला बसले. दोन डझन हापूस, देवगडची पेटी, वास असा की जिन्यात कळावं. पहिला कापला, छान. दुसरा कापला तर बाठीच्या अंगाला साका.

ज्यांनी साका पाहिला नसेल त्यांच्यासाठी सांगते. आंबा वरून निर्दोष असतो. रंग, वास, दाब, कशानेच कळत नाही. कापला की बाठीलगतचा गर फिका, पांढुरका, स्पंजासारखा भुसभुशीत निघतो. चव आंबूस, त्यात एक कुबट झाक. हापूसचं हे जुनं दुखणं आहे, पेटी कितीही चांगली असो. नुसता खायचा असेल तर तेवढा भाग काढून टाकता येतो. पण सॉससाठी मी असे आंबे पूर्ण बाजूला ठेवले, कारण गर आटवला की गोडी दाटते तशी ती कुबट चवही दाटते. पातेलंभर सॉसला एवढीशी चव पुरते. जवळजवळ तिसरा हिस्सा पेटी अशी गेली. मावशींना फार वाईट वाटत होतं, त्या चांगल्या बाजूच्या फोडी काढून मुलांसाठी डब्यात भरत होत्या.

उरलेल्या आंब्यांचा रस गाळून जाड बुडाच्या पातेल्यात मंद आचेवर ठेवला. त्यात किसलेलं आलं, थोडा गूळ, मीठ, भिजवून वाटलेली बेडगी रंगासाठी आणि संकेश्वरी तिखटासाठी. शेवटी कोकमाचं आगळ, कारण सरत्या मोसमातला हापूस गोडच असतो, त्याला आंबट बाहेरून द्यावं लागतं. आगळ खारट असतं, म्हणून मीठ हात राखूनच घातलं होतं. निम्म्यावर आलं की थंड ताटलीवर थेंब टाकून बोटाने रेघ ओढायची. रेघ मिटली नाही की गॅस बंद. याच्या पुढे आटवलं तर वास उडतो आणि आंबापोळीची चव येते. ती मला खूप आवडते, पण विंग्जवर नाही.

आंबा कमी पडणार हे दिसत होतं, म्हणून कोकमाचा सॉस वाढवला. मालवणहून मामेबहिणीने पाठवलेलं अमृत कोकम घरात होतं. रातांब्याच्या साली साखरेत मुरवून उन्हात ठेवलेला तो पाक. तो स्टीलच्याच पातेल्यात, कारण इतकं आंबट ॲल्युमिनियमला लावू नये. भरपूर ठेचलेला लसूण लोण्यात परतला, त्यावर पाक, लवंगी मिरची, जाडसर मिरपूड. कोकम, लसूण, मिरची ही सोलकढीचीच मंडळी आहेत, त्यामुळे चव कुणाला परकी वाटणार नव्हती. उकळी फुटली की स्वयंपाकघरभर तो वास पसरतो आणि तोंडाला पाणी सुटतं. माझ्या मते त्या दिवशीचा खरा सॉस हाच होता.

गच्चीवर सहाला पोचलो. उकाडा भयंकर, पाऊस तोंडावर आलेला, हवेत दमटपणा इतका की कागदी रुमाल हाताला चिकटत होते. काकूंच्या बहिणीने आपुलकीने सुचवलं, "फळांसाठी अननस चिरलाय, त्याचा रस विंग्जला लावून ठेव, मऊ होतील." त्यांचं चूक नव्हतं. कच्च्या पपईने कबाबाचं मटण जसं मऊ होतं, तसंच अननसातलं ब्रोमेलिनही मांस मऊ करतं. पण पंख मुळात कोवळा. तासाभरात त्याचा वरचा थर पिठासारखा होतो. अननस आधी उकळला तर त्यातला तो गुण मरतो, मग खुशाल सॉस करावा. मी त्यांना एवढं सांगितलं आणि त्यांनी ते लगेच मान्य केलं.

खरी ओढाताण झाली ती साडेसातला. पाहुणे जमले होते, आणि काकांचे धाकटे भाऊ सारखे येऊन विचारत होते, "सगळं एकदाच घोळवून ट्रेमध्ये मांडून टाका ना, लोक घेतील." पाहुणे ताटकळताना पाहून कोणत्याही घरच्या माणसाला तसंच वाटणार. पण इथे मी हटले नाही. फळांच्या सॉसमध्ये साखर आणि पाणी दोन्ही असतं. तळलेल्या आवरणावर तो पडला की घड्याळ सुरू. अशा दमट हवेत, ट्रेवर झाकण घातलं तर पाचव्या मिनिटाला वाफेने सगळं ओलं. सॉस लावून पुन्हा तेलात सोडणं तर शक्यच नाही. आपलं तेल १९०ला, आणि फळातली साखर तेवढ्या तेलात करपायला लागते.

म्हणून एका वेळी पंचवीस-तीस तुकडे. मावशी तेलातून काढायच्या, झारा आपटून तेल निथळवायच्या आणि थेट माझ्या कढईत टाकायच्या. कढईत सॉस गरम, बुडबुडे येणारा, पण आच बंद. दोन-तीनदा उडवायचं, मोजून अर्धं मिनिट, की प्रत्येक तुकड्यावर पातळ, चकचकीत थर बसतो. खाली सॉसचं तळं राहत नाही. त्यावर हापूसला भाजलेले तीळ, कोकमाला नुसती कोथिंबीर. लगेच ताटात, लगेच हातात. मुलगा स्वतः ताटं घेऊन फिरत होता आणि रिकामी ताटं घेऊन पळत येत होता. पहिल्या घासाचा तो कडक आवाज शेगडीपाशी ऐकू यायचा, आणि मला तेवढाच शेरा पुरेसा होता. धाकटे काका तिसऱ्या ताटानंतर स्वतःच लोकांना सांगू लागले, "थांबा, गरम येतंय, थांबण्यासारखं आहे."

हापूसचे आधी संपले. मुलं गोडाकडे धावतात. पण म्हातारी मंडळी कोकमापाशी थांबून राहिली; एक आजी हाड चोखून झाल्यावर ताटाला लागलेला सॉस वड्याने पुसून घेत होत्या. ते पाहून मी मटणाबरोबर उरलेला कोकम सॉस वाटीत वाढायला लावला. ठरलेलं नव्हतं, पण वड्याशी तो असा जमला की आता माझ्या यादीत तो कायमचा आहे.

रात्री भांडी आवरताना मुलगा वही घेऊन आला. त्याला बफेलोला परतल्यावर मित्रांसाठी हेच करायचं होतं. त्याला सांगितलं: तुझ्याकडे कातडीचे विंग्ज कुठेही मिळतात, तेव्हा माझं आवरण विसर, बेकिंग पावडर लावून ओव्हनमध्येच कर, आणि सॉस बाहेर काढल्यावरच लाव. हापूसचा रस डब्यातला घेशील तर त्यात बहुधा साखर असते, आधी चाखून बघ, गूळ निम्मा कर. अमृत कोकम मिळालं नाही तर आमसुलं गरम पाण्यात भिजवून साखर घाल. तिथे विंग्जबरोबर ब्लू चीजचं डिप देतात, ते हापूसबरोबर ठेवलंस तर चालेल. कोकमाला मात्र नको, त्याच्या शेजारी नुसतं घट्ट दही ठेव, किंचित मीठ घालून.